बियाला राखलेलं घोसाळं

श्रावण-भाद्रपदात खेड-चिपळूणच्या बाजारात घोसाळी येतात ती कोवळी, हिरवीगार, दाबली तर बोट रुतेल अशी. भजी, भरीत, डाळ घालून केलेली भाजी, एवढ्यात त्यांचा निकाल लागतो. घरच्या वेलावरचं घोसाळं तोडायला चार दिवस उशीर झाला, की आत धागा धरतो. मग ‘जून झालं’ म्हणून ते गुरांपुढे नाहीतर उकिरड्यावर जातं. फारच झालं तर एखादं बियाला राखतात. या लेखात मला त्या जून घोसाळ्याचीच बाजू घ्यायची आहे. शहरातल्या दुकानात ‘लुफा’ म्हणून सेलोफेनच्या कागदात गुंडाळून जे विकतात, ते याच फळाच्या आतलं जाळं आहे. लोटे परिसरातल्या कुठल्याही परसात ते फुकट तयार होऊ शकतं. फक्त आपल्या पावसाचं वेळापत्रक ओळखून ते राखलं पाहिजे.

घोसाळं आणि शिराळं, म्हणजे दोडका, ही सख्खी भावंडं. दोघंही लुफा याच वनस्पतिवंशातली. खानदेशात घोसाळ्याला गिलकं म्हणतात. शिराळ्याच्या आतही धागा असतो, पण वरच्या धारदार शिरा सालीसकट अशा घट्ट बसतात, की सोलताना जाळं फाटतं. घासणीसाठी गुळगुळीत सालीचं घोसाळंच बरं. दापोलीच्या कृषी विद्यापीठाचा ‘कोकण हरिता’ हा वाण दोडक्याचा आहे. बी घेताना ही गल्लत होऊ देऊ नये. घोसाळ्यात दिल्लीच्या संशोधन संस्थेचा ‘पुसा चिकनी’ जुना आणि सर्वत्र माहीत आहे. तरी घासणीसाठी गावातलं, लांबट आणि जाड सालीचं घोसाळं मिळालं तर मी तेच आधी लावीन. भाजीचे वाण कोवळेपणासाठी निवडलेले असतात आणि आपल्याला इथे नेमका धागा हवा आहे.

लोटे म्हटलं की बाहेरच्या माणसाला आठवते ती मुंबई-गोवा महामार्गावरची, परशुराम घाटाच्या अलीकडची रासायनिक कारखान्यांची वसाहत. पण वसाहतीच्या आजूबाजूला वाड्या आहेत, जांभ्याची तांबडी जमीन आहे, आणि तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस आहे. हा पाऊस जवळजवळ सगळा चार महिन्यांत पडतो. वेलाला वाढायला तो उत्तम. फळाला वाळायला मात्र तोच वैरी. देशावरचा शेतकरी जून घोसाळं वेलावर निवांत सोडून देऊ शकतो, आपल्याला ते जमत नाही. ऑगस्टात पिकलेलं घोसाळं वाळण्याआधीच कुजतं, आणि कुजलेल्या फळाचा धागा काळपट, ठिसूळ निघतो. म्हणून आपल्याकडे घासणीचं गणित सरळ आहे: आधी लागलेली फळं खायची, पाऊस सरताना लागलेली राखायची.

लागवड नेहमीसारखी मृगाच्या पावसावर करावी. बी काळं, चपटं आणि कठीण कवचाचं असतं. रात्रभर कोमट पाण्यात भिजवलं तर आठवडाभरात उगवतं, नाहीतर रेंगाळतं. आळं दीड-दोन फुटांचं घ्यावं, त्यात कुजलेलं शेणखत भरावं, आणि आळ्याचा माथा आजूबाजूच्या जमिनीपेक्षा वीतभर उंच ठेवावा. जांभ्यात पाणी झटकन मुरतं हे खरं. पण खाली कातळ असेल तर ते वर साचतं आणि वेल मुळातून पिवळा पडतो. आळ्यात तीन-चार बिया टाकून शेवटी दोन जोमदार रोपं ठेवावीत. दोन पानांवर असतानाच तांबडे भुंगेरे येतात आणि पानांची चाळण करतात. सकाळी दंव असताना ते सुस्त असतात, तेव्हा हाताने वेचावेत आणि पानांवर चुलीतली राख भुरभुरावी. पावसाने राख धुऊन गेली की पुन्हा टाकावी लागते.

वेल गडग्यावर किंवा वईवर चढवण्याची आपल्याकडे सवय आहे. भाजीपुरतं ते चालतं. घासणीसाठी मांडवच हवा, कारण फळ मोकळं लोंबकळलं तर सरळ वाढतं आणि चहूबाजूंनी वारा लागून वाळतं. दगडाला टेकलेलं घोसाळं टेकल्या जागी सडतं. मांडव माणूस खालून ताठ जाईल इतका उंच आणि भक्कम करावा. भिजलेला वेल आणि भरलेली फळं यांचं ओझं शेवटच्या पावसात कच्च्या बांबूला पेलत नाही.

पेरल्यापासून दीड-दोन महिन्यांत पिवळी फुलं येतात. आधी नुसती नरफुलं, घोसाने. ती गळून पडली म्हणून घाबरायचं कारण नाही. मादीफूल एकेकटं येतं, आणि त्याच्या पाकळ्यांखाली करंगळीएवढं घोसाळं आधीपासूनच असतं. वेलाजवळ उभं राहून पाहावं. कळीच्या बुडाशी आणि बारक्या उपपर्णांवर चकचकीत ठिपके दिसतात, आणि त्यांच्यावर काळ्या मुंग्यांची रांग लागलेली असते. ते ठिपके म्हणजे मधाच्या ग्रंथी. वेल मुंग्यांना गोड रस देतो आणि मुंग्या अळ्यांना हुसकावतात. या मुंग्यांवर औषध मारू नये.

घोसाळ्याचं फूल पहाटे उमलतं, शिराळ्याचं संध्याकाळी. परागीकरणाचं काम घोसाळ्यासाठी सकाळच्या मधमाश्या करतात. सलग पाऊस लागला की माशी बाहेर पडत नाही, पराग भिजून जातो, आणि मादीफुलाखालचं इवलं घोसाळं पिवळं पडून गळतं. अशा दिवसांत उघडीप पाहून सकाळी आठच्या आत नरफूल तोडावं, पाकळ्या काढाव्यात आणि त्यातला पिवळा पराग मादीफुलाच्या मध्यावर अलगद टेकवावा. एका नरफुलावर दोन मादीफुलं होतात.

फळ धरलं की फळमाशी येते. कोवळ्या सालीला टोचून ती आत अंडी घालते. तिथे मधासारखा थेंब सुकलेला दिसतो, पुढे फळ वाकतं आणि आतून सडतं. आंब्याच्या फळमाशीसाठी दापोलीच्या विद्यापीठाने ‘रक्षक सापळा’ काढला, तो कोकणात बहुतेक बागायतदारांना ठाऊक आहे. पण त्यातलं मिथाइल युजेनॉलचं आमिष वेलावरच्या माशीला खेचत नाही. काकडी, कारली, घोसाळी यांच्या माशीला क्यू ल्यूर लागतं. दुकानात तेच नाव घेऊन मागावं. दोन-चार वेलांपुरता त्याहून सोपा उपाय म्हणजे राखायच्या फळाला कोवळं असतानाच कागदी पिशवी घालणं. साल निबर झाली की पिशवी काढावी.

आता राखण्याचं. गणपतीपर्यंत लागतील ती सगळी घोसाळी तोडून खावीत. गणपतीवरच्या मंडपीला बांधायची असतील ती बांधावीत. एकही फळ जून होऊ देऊ नये, कारण बी भरू लागलं की वेल नवी फुलं आवरती घेतो. सप्टेंबरच्या मध्यानंतर धरलेल्या फळांतली सरळ, निरोगी फळं निवडावीत आणि देठाला रंगीत दोरा बांधावा, म्हणजे घरातलं कुणी चुकून भाजीला तोडणार नाही. एका वेलावर आठ-दहा पुरे. जास्त ठेवली तर सगळीच अर्धवट भरतात. ऑक्टोबरच्या पहिल्या पंधरवड्यात पाऊस माघारी जातो आणि तिथून जांभ्याची जमीन बघता बघता कोरडी पडते. फळ भरण्याचा काळ नेमका हाच, म्हणून दोन-तीन दिवसांआड आळ्यात पाणी घालत राहावं. फळ पिवळं पडू लागलं की पाणी तोडावं.

फळ धरल्यापासून वाळायला साधारण दोन महिने लागतात, म्हणजे नोव्हेंबर-डिसेंबर. आधी हिरवा रंग फिका पडतो, मग पिवळट, मग तपकिरी. वजन एकदम कमी होतं. हातात घेऊन हलवलं तर बिया खुळखुळतात. तोडणीच्या दोन वेळा आहेत. पूर्ण तपकिरी झाल्यावर तोडलं तर साल कागदासारखी कडकड मोडते, काम कोरडं होतं, पण धागा थोडा तांबूस असतो. पिवळं असतानाच, साल आतून सुटल्यासारखी वाटू लागताच तोडलं तर धागा पांढरा, मऊ मिळतो, मात्र गर धुण्याचं काम वाढतं. दिवाळीच्या सुमारास आभाळ भरून आलं, अवकाळीची चिन्हं दिसली, तर वाट न पाहता पिवळी झालेली सगळी उतरवावीत.

सोलण्याआधी फळाचं खालचं टोक पाहावं. तिथे फुलाच्या जागी एक गोल टोपण असतं. वाळलेल्या फळाचं ते अंगठ्याने दाबलं की टक्‌ करून सुटतं. आत पाहिलं तर तीन उभे बोगदे दिसतात आणि त्यांत काळ्या बिया. फळ उलटं धरून झटकलं की त्या भराभर बाहेर पडतात. निसर्गात वेल बी पेरतो तो याच दारातून. मग साल अंगठ्यांनी दाबून तडकवावी आणि देठाकडून खाली सोलत यावी. चिकटून बसली तर फळ पाण्यात तासभर बुडवावं. सोललेलं जाळं बादलीत पिळून पिळून धुवावं, पाण्यातला बुळबुळीतपणा जाईपर्यंत, आणि कडक उन्हात टांगावं. दुकानातला पांढराशुभ्र रंग रसायनाने आणलेला असतो. घरी त्याची गरज नाही.

हे जाळं म्हणजे फळाला पाणी आणि अन्न पुरवणाऱ्या शिरा. गर वाळून जातो, शिरा उरतात. त्यात साठ टक्क्यांच्या आसपास सेल्युलोज असतं, बाकी बहुतेक हेमिसेल्युलोज आणि लिग्निन. त्यामुळे ते भिजलं की लवचीक होतं आणि वाळलं की ताठ. बाहेरच्या थरातले धागे आडवे, फळाला वेढा घालणारे, तर आतले उभे, देठापासून टोकापर्यंत धावणारे. हे एकदा कळलं की कापायचं कसं ते आपोआप सुचतं. भांड्यांसाठी आडव्या चकत्या कराव्यात. अंग घासायला फळ उभं चिरून मधला गाभा काढावा, ओलं असतानाच पाट्याखाली दाबून सपाट करावं आणि मागून जुन्या लुगड्याचा तुकडा शिवावा. आतली उभ्या धाग्यांची बाजू जरा मऊ लागते. करपलेल्या कढईला मात्र आपली नारळाची शेंडीच खरी. काच, स्टील, पातळ थराचे तवे यांना घोसाळं.

याच रचनेमुळे त्याला जगभर मागणी आली. दुसऱ्या महायुद्धाआधी जपान हा त्याचा मोठा निर्यातदार होता, आणि आगबोटींच्या इंजिनातल्या पाण्यात मिसळलेलं तेल गाळून काढायला ही जाळी वापरली जात. आजही सांडपाण्यातले रंग आणि जड धातू काढणारे सूक्ष्म जीव या जाळीवर वाढवण्याचे प्रयोग संशोधक करतात. लोटे वसाहतीतलं सांडपाणी सामुदायिक प्रक्रिया केंद्रात जातं. तिथल्या रसायनांना परसातलं घोसाळं पुरं पडेल असा माझा दावा नाही. पण नायलॉनची घासणी झिजते ती बारीक तुकड्यांनी मोरीतून ओढ्यात जाते. जगबुडी काय आणि वाशिष्ठी काय, पाणी शेवटी दाभोळच्या खाडीला मिळतं. तिथल्या मासेमाराच्या जाळ्यात आपल्या घरातून निदान एवढी भर पडू नये, असं मला मनापासून वाटतं.

एक काळजी मात्र घ्यावीच लागते. ओलं राहिलेलं जाळं जंतूंचं घर होतं. त्वचेला अपाय करू शकणारे जीवाणू लुफ्यात वाढतात, हे 1994 साली अमेरिकेतल्या संशोधकांनी दाखवून दिलं. आपल्या पावसाळ्यात तर न्हाणीघरात काहीच सुकत नाही. वापरल्यावर घट्ट पिळून चुलीच्या वरच्या आढ्याला किंवा पडवीत वाऱ्यावर टांगावं, आठवड्यातून एकदा उकळत्या पाण्यातून काढावं, आणि महिन्याभराने सरळ खताच्या खड्ड्यात टाकावं. घरचं असलं की टाकताना हात आखडत नाही.

राहिलं बी. एका घोसाळ्यातून शंभराच्या आसपास बिया सहज निघतात. उन्हात वाळवून, राखेत घोळवून बरणीत ठेवाव्यात. शेजारी शिराळ्याचा वेल असला तरी फुलं उमलण्याच्या वेळा वेगळ्या असल्याने सहसा भेसळ होत नाही. पण रानात वाढणारे कडू दोडके आपल्याकडे आहेत, आणि एखादा परसातला वेलही कडू निघतो. असा कडूपणा पोटात गेला तर जुलाब-उलट्या होतात. वाळलेल्या फळावरून ते ओळखता येत नाही. म्हणून बी धरायचा वेल श्रावणातच ठरवावा: त्याचं कोवळं घोसाळं कापल्यावर कच्चा तुकडा जिभेवर ठेवून पाहावा, कडू लागला तर थुंकून टाकावा आणि त्या वेलाचं बी पुढच्या वर्षी लावू नये.