निशाणी 5 आणि 30 दिवस

समजा, सोमवारी सकाळी शेजाऱ्याने तुमच्या जागेत पाया खणायला घेतला. तुम्ही वकील गाठलात, दिवाणी दावा लावलात आणि सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज दिलात. महाराष्ट्रातल्या कोर्टांत या अर्जाला ‘निशाणी 5’ म्हणतात. गवंडी आठ दिवसांत भिंत उभी करेल. निशाणी 5 कधी निकाली निघेल?

कायद्यात आकडा आहे 30. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 मध्ये 1976 च्या दुरुस्तीने नियम 3-अ आला. समोरच्याला न ऐकता एकतर्फी मनाई दिली, तर कोर्टाने 30 दिवसांत अर्जाचा अंतिम निर्णय करण्याचा प्रयत्न करायचा. जमले नाही तर कारणे लिहायची. एकतर्फी मनाई न देता नुसती नोटीस काढली, तर ही 30 दिवसांची मर्यादाही नाही.

आता पाटीवर हिशेब मांडू. 2024 मध्ये देशातल्या जिल्हा व तालुका न्यायालयांत साधारण साडेचार कोटी प्रकरणे तुंबलेली होती आणि काम करणारे न्यायाधीश होते वीस हजारांच्या आसपास. म्हणजे एकेकाच्या वाट्याला सरासरी 2,250. दिवसाच्या बोर्डावर 60 प्रकरणे धरू. साडेपाच तासांच्या कामात प्रत्येकाला मिळाली साडेपाच मिनिटे. या वेगाने प्रत्येक प्रकरण फक्त एकदा पुकारायला लागतात साडेसदतीस कामाचे दिवस. वर्षात कामाचे 245 दिवस धरले, तर कॅलेंडरवर होतात 56.

म्हणजे बोर्डाची एक फेरी 56 दिवसांची आणि कायद्याची मुदत 30 दिवसांची!

तातडीचे अर्ज रांग मोडून पुढे घेतले जातात, हे खरे. पण आदेशाआधीच्या पायऱ्या चुकत नाहीत: नोटीस बजावली का, प्रतिवादीचे म्हणणे आले का, वादीचा युक्तिवाद, प्रतिवादीचा युक्तिवाद, मग आदेश. पाच तारखा. सरासरी रांगेत पाच फेऱ्या म्हणजे 280 दिवस, आणि त्यात कोणीही ‘मुदत द्यावी’ असा अर्ज दिलेला नाही असे धरले आहे.

विलंबाला बाजू नसते. मनाई मिळाली नाही तर भिंत बांधणारा तारखा मागतो. एकतर्फी मिळाली तर तीच तुम्हाला पुरते, आणि मग तारखा तुम्ही मागता. 30 दिवस उलटूनही निर्णय नसेल, तर मनाईने अडलेल्याला थेट अपील करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली सांगितले. म्हणजे वरच्या कोर्टात आणखी एक फाईल.

न्यायाधीश वाढवले तर? विधी आयोगाने 1987 मध्ये दहा लाख लोकांमागे 50 न्यायाधीशांची शिफारस केली होती. 140 कोटींच्या देशात ते होतात 70 हजार, म्हणजे आजच्या साडेतीनपट. मग बोर्डाची फेरी 16 दिवसांवर येते. तरीही पाच तारखांना 80 दिवस लागतातच.

म्हणून नुसती न्यायाधीशांची भरती पुरणार नाही. तारखांनाही कात्री लावावी लागेल. 70 हजार न्यायाधीश असतानाही 30 दिवसांत मावते फक्त पहिली तारीख. आजच्या वेगाने पहिलीही मावत नाही.