सिल्मरिल : कल्पनासृष्टींतील तीन रत्नें

रत्नांच्या कथा नाहींत असा देश विरळाच. पुराणांतील स्यमंतक मणि प्रत्यहीं आठ भार सुवर्ण देत असे. परंतु त्याच्या पायीं प्रसेन प्राणास मुकला व श्रीकृष्णावर चोरीचा आळ आला, हें बहुतेक वाचकांस ठाऊक आहे. इंग्रजी वाङ्मयांतही अशा एका रत्नत्रयीची कथा आहे. तिची ओळख आमच्या विद्यार्थिमित्रांस व त्यांच्या पालकांस करून द्यावी, या हेतूनें हा लेख लिहिला आहे.

या रत्नांचें नांव सिल्मरिल. तीं कोणत्याही खाणींत सांपडलेलीं नव्हेत, जे. आर. आर. टॉल्किन या ग्रंथकाराच्या कल्पनेंतून तीं निघालीं. टॉल्किन यांचा जन्म १८९२ सालीं झाला. ऑक्स्फर्ड विद्यापीठांत ते प्राचीन इंग्रजी भाषेचे प्राध्यापक होते. पहिल्या महायुद्धांत, १९१६ सालीं, ते सोमच्या रणांगणावर होते. तेथून आजारी होऊन स्वदेशीं परतल्यावर त्यांनीं या कथा लिहिण्यास आरंभ केला, आणि पुढें आयुष्यभर ते त्यांत फेरफार करीत राहिले. १९७३ सालीं ते वारले. त्यानंतर १९७७ सालीं त्यांचे चिरंजीव क्रिस्टोफर यांनीं हस्तलिखितें जुळवून ‘द सिल्मरिलियन’ हा ग्रंथ प्रसिद्ध केला.

या रत्नांचें वैशिष्ट्य समजण्यासाठीं प्रथम आपल्या जगांतील हिऱ्याकडे पाहूं. हिरा अत्यंत कठीण, परंतु तो स्वयंप्रकाशी नाहीं. त्याचा वक्रीभवनांक सुमारें २.४२ असल्यामुळें आंत शिरलेला प्रकाश पृष्ठावर सुमारें २४ अंशांहून अधिक कोनानें आदळला, तर तो बाहेर न पडतां आंतच परावर्तित होतो. कुशल कारागीर पैलू पाडतो ते याच नियमाच्या आधारानें. तथापि खोलींतील दिवा मालविला म्हणजे हिरा व खडा सारखेच. सिल्मरिल मात्र काळोख्या कोठारांतही ताऱ्यांप्रमाणें तळपत. त्यांचें बाह्य कवच हिऱ्यासारखें दिसे, परंतु त्याहूनही अभेद्य होतें. आणि त्याच्या आंत सांठविलेला प्रकाश जणूं जिवंत होता.

हा प्रकाश आला कोठून? त्या कथासृष्टींत अद्यापि सूर्य व चंद्र उत्पन्न झाले नव्हते. वालार नांवाच्या दिव्य शक्तींच्या भूमीवर दोन वृक्ष उजेड पाडीत. तेल्पेरिऑनचें तेज रुपेरी आणि लॉरेलिनचें सोनेरी. एल्फ जातीचा फेआनोर हा सर्व कारागिरांचा मुकुटमणि. त्यानें या उभय वृक्षांचा संमिश्र प्रकाश घेऊन तीन रत्नें घडविलीं. मग वार्दा या देवतेनें तीं पावन केलीं, आणि त्यामुळें मलिन हातांनीं अथवा दुष्ट हेतूनें कोणीं त्यांस स्पर्श केल्यास त्याचे हात भाजावे, असा गुण त्यांच्या अंगीं आला.

पुढें मेल्कोर नांवाच्या दुष्टानें उंगोलिआन्त या राक्षसी कोळिणीच्या साह्यानें ते दोन्ही वृक्ष मारून टाकिले. सर्वत्र अंधार पसरला. वृक्षांचा प्रकाश आतां केवळ त्या तीन रत्नांतच शिल्लक राहिला होता. वृक्षांची जननी यावान्ना हिनें विनविलें कीं, रत्नें मिळालीं तर त्यांतील प्रकाशानें मी वृक्ष पुनः जिवंत करीन. परंतु त्यासाठीं तीं फोडणें अवश्य होतें. फेआनोर बराच वेळ स्तब्ध राहिला आणि शेवटीं म्हणाला कीं, मी स्वखुषीनें तीं देणार नाहीं. इतक्यांत वार्ता आली कीं, मेल्कोरनें फेआनोरच्या पित्याचा वध करून तीं रत्नें आधींच लुटून नेलीं आहेत!

वाचकांनीं येथें थोडें थांबून विचार करावा. फेआनोर ‘देतों’ म्हणाला असता, तरी देण्यास रत्नें हातीं नव्हतींच. मग नकारानें काय बिघडलें? ग्रंथकाराचें म्हणणें असें कीं, वृक्ष त्यामुळें वांचले नसते, परंतु फेआनोरचीं पुढील कृत्यें निराळीं झालीं असतीं. कारण त्या एका नकारांतूनच त्याचा हट्ट दृढ झाला. त्यानें व त्याच्या सात पुत्रांनीं शपथ वाहिली कीं, जो कोणी सिल्मरिल आपणांपासून दूर ठेवील, त्याचा आम्ही पाठलाग करूं. त्या शपथेपायीं एल्फांनीं एल्फांचेंच रक्त सांडिलें.

रत्नांनीं मात्र आपला धर्म सोडिला नाहीं. मेल्कोरनें तीं आपल्या लोखंडी मुकुटांत जडविलीं, पण त्याचे हात जळून काळे पडले ते कायमचेच. बेरेन या मानवानें लूथिएनच्या साह्यानें एक रत्न त्या मुकुटांतून काढिलें. त्याचा हात भाजला नाहीं. पुढें तेंच रत्न एआरेन्दिल याच्या नौकेबरोबर आकाशांत जाऊन तारा झालें. हें नांव टॉल्किन यांनीं एका प्राचीन इंग्रजी ख्रिस्ती काव्यांतील शब्दावरून घेतलें होतें, व १९१४ सालींच त्याविषयीं एक कविता लिहिली होती. उरलेलीं दोन रत्नें फेआनोरच्या हयात राहिलेल्या दोन पुत्रांनीं अखेरीस हस्तगत केलीं. वारसा त्यांचा, परंतु रत्नें त्यांनाच पोळूं लागलीं! वेदना असह्य होऊन एकानें रत्नासह अग्निमय दरींत उडी घेतली. दुसऱ्यानें आपलें रत्न समुद्रांत फेंकलें. वडिलोपार्जित हक्क त्यांनीं स्वतःच्या कृत्यांनीं केव्हांच गमाविला होता.

सारांश, सिल्मरिलांची जादू धन देण्यांत अथवा शत्रूस जिंकण्यांत नाहीं. हातीं धरणाऱ्याची पारख करण्यांत आहे. फेआनोरचें कौशल्य अद्वितीय होतें, हें कोणीही नाकारणार नाहीं. कवच त्याचें होतें, परंतु आंतील प्रकाश त्याचा नव्हता. आणि हेंच तो हळूहळू विसरला. विद्यार्थिमित्रहो, आपण जी विद्या संपादन करितों तिचीही गोष्ट अशीच नाहीं काय? परिश्रम आपले खरे; पण पुस्तकें दुसऱ्यांनीं लिहिलीं, अक्षरें दुसऱ्यांनीं गिरवून घेतलीं आणि फीचे पैसे घरच्यांनीं पोटास चिमटा घेऊन भरले. तेव्हां मागील बांकावरचा मुलगा अडलेलें गणित विचारावयास आला, तर ‘हें माझें आहे’ म्हणून वही झांकण्यापूर्वीं फेआनोरची आठवण अवश्य करावी.