दोन अंशांचे शहाणपण

घरालगतच्या पडवीत हायड्रॉलिक प्रेस बसवून फळ्यांसाठी लोखंडी ब्रॅकेट तयार करणाऱ्या लघुउद्योजकाची खरी कसोटी पहिल्याच नगाला लागते. दाब काढताच वाकलेली पट्टी किंचित उलगडते. त्यामुळे ९० अंशांचा कोन हवा असल्यास ती साधारण ८८ अंशांपर्यंत मिटवावी लागते. नेमका फरक धातू व जाडीनुसार बदलतो.

३ मिलिमीटर जाडीच्या पट्टीसाठी ‘व्ही’ साच्याचे तोंड जाडीच्या सुमारे आठपट, म्हणजे २४ मिलिमीटर ठेवण्याचा प्रघात आहे. ते फार अरुंद असल्यास वळणाच्या बाहेरील अंगास तडे जाऊ शकतात. फार रुंद असल्यास कोपरा गोलसर होतो.

हे गणित चुकले, तर १०० नगांचा माल परत येतो. लोखंड आणि श्रम वाया जातात. कर्जाचा हप्ता मात्र ठरल्या तारखेस येतोच. म्हणून त्याच मालातील एक तुकडा आधी वाकवून गुण्याने तपासावा. दाब देताना बोटे साच्यापासून दूरच असावीत.

मुद्रा योजनेच्या ‘शिशु’ गटात ५० हजार रुपयांपर्यंत कर्ज मिळू शकते. त्यातून यंत्र येईल. अचूकपणाचे भांडवल मात्र ज्याचे त्यानेच उभे करायचे असते.