फुलपाखरू नावाची नटी

आज एका अमेरिकन नटीची गोष्ट सांगते. ही काही मोठी हिरॉईन नव्हे. सिनेमात ती मोलकरीण व्हायची, थोडा वेळ दिसायची, लोक हसायचे आणि विसरून जायचे. तिचं नाव बटरफ्लाय मॅक्वीन. बटरफ्लाय म्हणजे फुलपाखरू.

खरं नाव थेल्मा. जन्म १९११चा, फ्लोरिडा राज्यातल्या टॅम्पा शहरातला. वडील बंदरावर हमाली करायचे, आई दुसऱ्यांच्या घरी कामाला जायची. माणसं काळ्या वर्णाची. गुलामगिरी कायद्याने संपली होती १८६५ साली, पण त्या भागात शाळा, गाडीतली बाकं, सिनेमाची थिएटरं, सगळीकडे काळ्यांची जागा वेगळी. थेल्मा नर्सिंग शिकायला लागली होती, पण मन नाटकात. १९३५मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत शेक्सपिअरच्या एका नाटकात ती फुलपाखरांच्या नाचात नाचली. तेच नाव तिला चिकटलं.

मग १९३९ साली ‘गॉन विथ द विंड’ आला. अमेरिकेतल्या यादवी युद्धावरचा हा सिनेमा जगभर चालला. त्यात ती झाली प्रिसी, म्हणजे घरातली पोरसवदा गुलाम मुलगी. आवाज बारीक, चिरका. आपल्याला बाळंतपण करता येतं अशी बढाई ती मारते. डॉक्टर मिळत नाही, कळा सुरू होतात, तेव्हा रडत कबूल करते की आपल्याला यातलं काहीच कळत नाही. मालकीण तिच्या थोबाडीत मारते. थिएटरात हशा.

मला त्या प्रसंगाला हसू येत नाही. अडलेल्या बाईच्या उशाशी बसलेली घाबरलेली पोर आपल्यातल्या कितीजणींनी पाहिली आहे!

शूटिंगच्या वेळी मात्र ही पोर घाबरट नव्हती. तेव्हा ती २८ वर्षांची होती. तिने सांगून टाकलं, खरोखर मारणार असाल तर मी ओरडणार नाही. मारल्याचं नाटक करा, मग हवं तेवढं ओरडते. कलिंगड खात बिया थुंकत बसायचं, असंही तिला सांगितलं होतं. त्या काळी काळ्या माणसांची टिंगल करायची ती ठरलेली पद्धत. तिने ते केलं नाही. एवढ्या मोठ्या कंपनीत नवीन नटीने ‘हे मी करणार नाही’ म्हणणं म्हणजे पुढचं काम पणाला लावणं.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये अटलांटा शहरात सिनेमाचा पहिला मोठा खेळ झाला. थिएटर फक्त गोऱ्यांचं. सिनेमात काम केलेल्या काळ्या कलाकारांना तिथे प्रवेश नव्हता.

तिच्याच लोकांनाही प्रिसी सलत होती. पुढे काळ्यांचे मोठे नेते झालेले माल्कम एक्स यांनी आत्मचरित्रात लिहिलंय की तिचं काम पाहताना त्यांना लाजेने लपून बसावंसं वाटलं. म्हणजे एकीकडे मालकांशी भांडायचं आणि दुसरीकडे आपल्याच माणसांच्या नजरेला नजर देता यायची नाही. यात दोष तिचा कितीसा? भूमिका लिहिणारे दुसरेच होते.

पुढे बहुतेक मोलकरणीच्याच भूमिका आल्या. १९४५च्या ‘मिल्ड्रेड पिअर्स’मध्ये तर पडद्यावर तिचं नावसुद्धा दिलं नाही. १९४७च्या सुमारास तिने असल्या भूमिका नको म्हटलं. पोट मात्र थांबत नाही. १९५०नंतर टीव्हीवरच्या एका मालिकेत तिने पुन्हा तसलंच काम घेतलं, आणि मी तिला त्याबद्दल नावं ठेवणार नाही. त्याशिवाय तिने कारखान्यात काम केलं, हॉटेलात वाढप केलं, मोठ्या दुकानात खेळणी विकली. सिनेमा जगभर दाखवला जात होता आणि त्यातली नटी काउंटरवर उभी होती.

आता मला सगळ्यात आवडलेला भाग. तिने कॉलेज सोडलं नाही. एक विषय इथे, दोन विषय तिथे, असं करत करत १९७५मध्ये न्यूयॉर्कच्या सिटी कॉलेजातून राज्यशास्त्र घेऊन बी.ए. झाली. वय ६४! मीही बी.ए. आहे, पण माझी फी घरचे भरत होते आणि डबा आई देत होती. दहावीचा सतरा नंबरचा फॉर्म भरायला सांगितलं की ‘आता या वयात?’ म्हणणाऱ्या माझ्या गटातल्या ताईंना मी हिचं वय सांगते.

पदवी झाली म्हणून जगाची नजर बदलली नाही. वॉशिंग्टनच्या बसस्थानकावर पहारेकऱ्यांनी तिला खिसेकापू समजून धक्काबुक्की केली. बरगड्यांना मार बसला. तिने कोर्टात दावा लावला, काही वर्षं चिकाटीने लढवला आणि ६०,००० डॉलर भरपाई मिळवली.

१९८९मध्ये त्या सिनेमाला ५० वर्षं झाली. अटलांटात सोहळा झाला आणि या वेळी ती पाहुणी म्हणून गेली होती.

शेवटी ती जॉर्जिया राज्यात ऑगस्टाला एका लहान घरात एकटी राहायची. डिसेंबर १९९५, कडाक्याची थंडी. रॉकेलच्या हीटरने पेट घेतला आणि ती खूप भाजली. वय होतं ८४. त्यातून ती वाचली नाही.