विश्लेषण : ‘चांदबिबी महाल’ चांदबिबीचा नाहीच! नगरमध्ये हेरिटेज वॉक का आणि कसा करावा?

पाचशेहून अधिक वर्षांचे शहर, पण वास्तू विखुरलेल्या आणि काहींची नावेच चुकीची. अहिल्यानगर पाहायचे तर सोबत जाणकार का हवा, चालत होण्यासारखा भाग कोणता आणि गाइड सांगतो ते खरे की दंतकथा हे कसे ओळखायचे, याचा आढावा…

नगरहून पाथर्डीच्या रस्त्याला लागले, की डोंगरमाथ्यावर एक अष्टकोनी दगडी इमारत दिसू लागते. एसटीत शेजारी बसलेला कुणीही सांगेल, ‘तो चांदबिबी महाल’. रविवारी सकाळी तेथे फिरायला येणारेही याच नावाने फोटो टाकतात. प्रत्यक्षात ही इमारत महाल नाही आणि चांदबिबीची तर नाहीच. ती निजामशाहीतील मंत्री सलाबतखान (दुसरा) याची कबर आहे. तीन मजली, जाड भिंतींची. चांदबिबीचा खरा पराक्रम घडला तो येथून काही किलोमीटरवर, भुईकोट किल्ल्याच्या तटावर. ही गल्लत एका पाटीने सुटणारी नाही. ती सोबत चालणाऱ्या जाणकाराकडूनच सुटू शकते.

हेरिटेज वॉक म्हणजे काय?

ठरलेल्या वाटेने, ठरलेल्या वेळेत, माहितगार व्यक्तीसोबत जुन्या शहरातून पायी फिरणे म्हणजे हेरिटेज वॉक. देशातील सर्वात परिचित उदाहरण अहमदाबादचे. तेथे महापालिकेच्या पुढाकाराने १९ नोव्हेंबर १९९७ रोजी असा वॉक सुरू झाला. काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंतची ही वाट पोळांमधून, म्हणजे जुन्या वस्त्यांमधून जाते. २०१७मध्ये अहमदाबादच्या जुन्या शहराला युनेस्कोचा जागतिक वारसा दर्जा मिळाला. केवळ वॉकमुळे तो मिळाला असे नाही. पण आपले जुने घर, जुनी गल्ली दाखवण्यासारखी आहे, ही जाणीव लोकांमध्ये रुजायला अशा उपक्रमांचा उपयोग होतो.

नगरमध्येही इतिहासप्रेमी मंडळी, शाळा-महाविद्यालये अधूनमधून असे वॉक काढतात. पाहुण्याला रोज सकाळी हमखास मिळेल, अशी व्यवस्था मात्र रुळलेली नाही. शिर्डी आणि शनिशिंगणापूरला येणारा भाविकांचा लोंढा शहराच्या बाहेरूनच निघून जातो.

नगरला गाइडशिवाय फिरणे अवघड का?

पहिले कारण, वास्तू एका जागी नाहीत. काही बाजारपेठेत, काही नदीकाठी, काही भिंगारकडे, तर एक थेट डोंगरावर. दुसरे कारण, त्या वेगवेगळ्या हातांत आहेत. किल्ला लष्कराकडे आहे. फराहबाग, दमडी मशीद, बागरोजा आणि सलाबतखानाची कबर ही भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची संरक्षित स्मारके आहेत. काही मशिदी आणि दर्गे वापरात आहेत. प्रत्येक ठिकाणचे नियम निराळे. तिसरे कारण, पुरातत्त्व खात्याची निळी पाटी कायदा सांगते, कथा सांगत नाही. स्मारकापासून १०० मीटरपर्यंत बांधकामास मनाई आणि त्यापुढील २०० मीटरवर निर्बंध, हा नियम पाटीवरून कळतो. इमारत कुणी आणि का उभारली, हे कळत नाही.

शहर वसले केव्हा? १४९० की १४९४?

गाइडची पहिली परीक्षा येथेच होते. बहमनी सुलतानाचा सरदार मलिक अहमद याने २८ मे १४९० रोजी भिंगारजवळ बहमनी फौजेचा पराभव केला आणि निजामशाही उभी राहिली. विजयाच्या जागी त्याने बाग लावली. प्रत्यक्ष शहराची उभारणी सीना नदीकाठी १४९४मध्ये सुरू झाली. म्हणजे दोन्ही सने बरोबर आहेत, फक्त घटना दोन आहेत. शहराचा स्थापना दिन २८ मे रोजी साजरा होतो तो या विजयामुळे. जाणकार गाइड हा फरक सांगतो. तयारी नसलेला एक साल ठोकून देतो.

शहराचे नाव ऑक्टोबर २०२४मध्ये अधिकृतपणे अहिल्यानगर झाले. पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर यांचा जन्म १७२५मध्ये याच जिल्ह्यातील जामखेड तालुक्यातल्या चोंडी येथे झाला. वॉकची तयारी करणाऱ्यांनी मात्र एक लक्षात ठेवावे. जुने गॅझेटियर, ग्रंथ आणि स्मारकांच्या याद्या ‘अहमदनगर’ या नावाने आहेत. मोबाइलवर शोधताना दोन्ही नावे टाकावी लागतात.

चालत होण्यासारखा भाग कोणता?

माळीवाडा वेस ते दिल्ली दरवाजा हा जुन्या शहराचा पट्टा पायी सहज होतो. सुरुवात माळीवाड्यातील श्री विशाल गणपतीपासून करता येते. हे शहराचे ग्रामदैवत. पुढे कापडबाजार, दाळमंडई असे बाजार लागतात. गावात चंगीजखानाचा महाल आहे. हा मंगोल चंगीजखान नव्हे, तर मुर्तजा निजामशहाचा मंत्री. इंग्रजी अमदानीत या महालात न्यायालय भरू लागले. नाव ऐकून अनेकांची येथे फसगत होते.

दिल्ली दरवाजाबाहेर, सीनेच्या बाजूला बागरोजा आहे. शहर वसवणाऱ्या अहमद निजामशहाची ही काळ्या दगडातील कबर. शहराच्या संस्थापकाची कबर शहरातच आहे, हे अनेक नगरकरांनाही ठाऊक नसते.

नगर म्हणजे केवळ सुलतान आणि किल्ले नव्हेत. अमेरिकन मराठी मिशनचे काम येथे १८३१मध्ये सुरू झाले. मिशनच्या मिस फरार यांच्याकडे सावित्रीबाई फुले यांनी शिक्षिकेचे प्रशिक्षण घेतले. मुलींच्या शिक्षणाचा इतिहास पुण्याच्या भिडेवाड्यापासून सांगितला जातो, पण त्याची एक वाट नगरमधून जाते.

शहरालगतच्या दर्गा दायरा भागात शाह शरीफ यांचा दर्गा आहे. मालोजीराजे भोसले यांनी आपल्या मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली ती या संतांवरून, असे परंपरा सांगते.

शहराला पाणी कुठून यायचे?

वॉकमध्ये हमखास राहून जाणारा, पण सर्वात रंजक विषय हाच. नगरचा भाग कमी पावसाचा. सीना पावसाळा संपला की आटते. तरीही निजामशाहीत येथे बागा, हौद आणि कारंजी होती. कारण भोवतालच्या उंच भागातून पाणी उताराने शहरात आणले होते. कापूरवाडी, वडगाव, शेंडी, भिंगार अशा गावांकडून जमिनीखालून पाण्याच्या वाटा काढल्या होत्या. पंप नाही, मोट नाही. केवळ उताराचा हिशेब. उतार जास्त झाला तर पाण्याच्या वेगाने नळ फुटतो, कमी झाला तर गाळ साचतो. वाटेत ठरावीक अंतरावर उभी तोंडे ठेवलेली असत. त्यातून हवा खेळे आणि माणसाला उतरून साफसफाई करता येई.

सावेडीकडील हश्त बिहिश्त बागेला पाणी शेंडी आणि वडगावकडून येत असे. ‘हश्त बिहिश्त’ म्हणजे आठ स्वर्ग. तलावाच्या मध्यभागी अष्टकोनी इमारत अशी तिची रचना. लोकांच्या तोंडी ती ‘बेहस्तबाग’ झाली. आज तलाव कोरडा दिसला, की ‘येथे पाणी कसे असेल?’ हा प्रश्न पडतो. पाण्याची वाट समजली नाही, तर निजामशाहीतल्या बागा समजत नाहीत.

फराहबाग पाहून ताजमहाल बांधला, हे खरे का?

नगरमध्ये हे विधान सर्रास ऐकू येते. फराहबाग १५८३मध्ये पूर्ण झाली. चौकोनी तलावाच्या मधोमध दुमजली अष्टकोनी महाल अशी तिची मांडणी आहे. शाहजहान राजपुत्र असताना दख्खनच्या मोहिमांवर आला होता, हेही खरे. पण फराहबाग पाहून ताजचा आराखडा ठरला, याला कागदोपत्री आधार नाही. दिल्लीत हुमायूनची कबर १५७०च्या दशकाच्या सुरुवातीलाच उभी राहिली होती. मध्ये एक दालन आणि त्याभोवती आठ, ही इराणी ‘हश्त बिहिश्त’ पद्धत उत्तरेत त्याआधीच पोहोचली होती. त्यामुळे फराहबाग ताजची आई म्हणण्यापेक्षा दोघींचे मूळ एकाच परंपरेत आहे, असे म्हणणे अधिक योग्य. ताजचा आधार न घेताही फराहबाग पाहण्यासारखी आहे.

दमडी मशिदीबाबतही असेच. किल्ल्याच्या कामावरील मजुरांनी एकेक दमडी देऊन ती बांधली, ही गोष्ट सगळ्यांना आवडते. ती दंतकथा म्हणून जरूर सांगावी. मशीद १५६७च्या सुमारास साहिरखान नावाच्या सरदाराने बांधली, हेही त्याच वेळी सांगावे. तिच्या दगडावरील नक्षी पाहायला मिनिटे कमी पडतात.

किल्ल्यात काय पाहावे?

हा भुईकोट किल्ला, म्हणजे सपाट जमिनीवरचा. डोंगराचा आधार नाही, म्हणून रुंद खंदक आणि गोलाकार तट. हुसेन निजामशहाच्या काळात, १५५९ ते १५६२च्या दरम्यान, त्याचे दगडी बांधकाम झाले. याच शहरात १५४९मध्ये ‘मलिक-ए-मैदान’ ही प्रचंड तोफ ओतली गेली. ती आज विजापूरला आहे.

चांदबिबी ही हुसेन निजामशहाची मुलगी आणि विजापूरच्या अली आदिलशहाची विधवा. १५९५च्या अखेरीस अकबराचा मुलगा मुराद याने किल्ल्याला वेढा घातला. मुघलांनी तटाखाली सुरुंग पेरले. काही सुरुंग आतल्यांनी शोधून निकामी केले, पण एक उडाला आणि तटाला खिंडार पडले. चांदबिबी स्वतः खिंडारावर उभी राहिली आणि रातोरात तट पुन्हा उभा केला गेला. अखेर वऱ्हाड देऊन तह झाला. १६००मध्ये दुसरा वेढा पडला, तेव्हा तिची हत्या तिच्याच माणसांनी केली. डोंगरावरच्या ‘महाला’त हे काहीच कळत नाही. खंदकाच्या काठावर उभे राहिले, की कळते.

ऑगस्ट १८०३मध्ये आर्थर वेलस्लीने हा किल्ला शिंद्यांकडून घेतला. पुढे ‘छोडो भारत’ चळवळीत, ऑगस्ट १९४२मध्ये काँग्रेस कार्यकारिणीचे नेते येथे स्थानबद्ध झाले. पंडित नेहरू, सरदार पटेल, मौलाना आझाद, आचार्य नरेंद्र देव, शंकरराव देव त्यांत होते. नेहरूंनी १९४४मध्ये ‘डिस्कव्हरी ऑफ इंडिया’ येथेच लिहिले. मौलाना आझादांच्या ‘गुबार-ए-खातिर’मधील पत्रेही येथलीच. एप्रिल १९४३मध्ये आझादांच्या पत्नीचे कोलकात्यात निधन झाले, तेव्हा ते याच तटाआड होते.

चांगला गाइड कसा ओळखावा?

त्याला एकच प्रश्न विचारावा, ‘हे कशावरून?’ उत्तर तीन प्रकारचे असू शकते. शिलालेख, फर्मान किंवा समकालीन ग्रंथ, हा पुरावा. पिढ्यान्‌पिढ्या सांगत आलेली गोष्ट, ही परंपरा. आणि ऐकायला छान पण आधार नसलेली, ती दंतकथा. तिन्ही सांगायला हरकत नाही. कोणती कोणत्या खान्यात बसते, एवढे गाइडने स्पष्ट करावे. ‘आधार मिळत नाही’ असे मोकळेपणाने म्हणणारा गाइड अधिक विश्वासाचा. स्थानिक तरुणांना यात रोजगाराची संधीही आहे. केंद्रीय पर्यटन मंत्रालयाने गाइड होऊ इच्छिणाऱ्यांसाठी ऑनलाइन प्रमाणपत्र अभ्यासक्रम आणला आहे.

निघण्यापूर्वी हे लक्षात ठेवा

- एका दिवसात सगळे होत नाही. सकाळी जुने शहर आणि बागरोजा, दुसऱ्या सकाळी किल्ला, दमडी मशीद आणि फराहबाग, असे दोन भाग करावेत.
- सलाबतखानाच्या कबरीसाठी वाहन लागते. उन्हाळ्यात सकाळी लवकर जावे.
- किल्ला लष्कराच्या हद्दीत असल्याने प्रवेशाचे नियम आधी विचारून घ्यावेत. ओळखपत्र जवळ ठेवावे, मनाई असेल तेथे फोटो काढू नयेत आणि ड्रोन नेऊ नये.
- मंदिर, मशीद, दर्गा वापरात असतील तर प्रार्थनेच्या वेळा टाळाव्यात.
- संरक्षित स्मारकावर नाव कोरणे वा त्याची नासधूस करणे हा गुन्हा आहे. दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते.

पुढे काय?

रोजचा वॉक सुरू करण्यासाठी फार मोठा खर्च लागत नाही. ठरलेली वाट, ठरलेली वेळ, प्रशिक्षित आठ-दहा तरुण, वाटेत स्वच्छतागृह आणि पिण्याचे पाणी, एवढ्यावर सुरुवात होऊ शकते. अवघड आहे ते लष्कर, पुरातत्त्व खाते, महापालिका आणि विश्वस्त यांना एका टेबलावर आणणे. ते होईपर्यंत नगरकरांना एक काम स्वतः करता येईल. पुढच्या वेळी पाथर्डी रस्त्यावर पाहुण्याने ‘ती इमारत कोणती?’ असे विचारले, तर सलाबतखानाचे नाव सांगावे आणि चांदबिबी दाखवायला त्याला किल्ल्याकडे न्यावे.