प्लगिन काढा, रेडिओ वाचवा

इंटरनेट रेडिओच्या संकेतस्थळावरचा जुना फ्लॅश प्लेअर दुरुस्त करत बसण्यापेक्षा तो काढून टाकणेच शहाणपणाचे. क्रोमने २०१५ मध्ये जुन्या धर्तीच्या प्लगिनना दार बंद केले, फायरफॉक्सने २०१७ मध्ये फ्लॅश वगळता बाकीच्यांना. ३१ डिसेंबर २०२० रोजी अ‍ॅडोबीने फ्लॅशचाच आधार काढून घेतला. आयफोनवर तर तो कधी नव्हताच. आता एचटीएमएल-५ मधला ‘ऑडिओ’ हा एक टॅग पुरतो: त्यात स्ट्रीमचा पत्ता आणि ‘कंट्रोल्स’ हा शब्द लिहिला, की ब्राउझर स्वतःच प्लेचे बटण दाखवतो आणि एमपी३ वाजवतो.

जुन्या संगणकांवरचे श्रोते तुटतील, हा आक्षेप रास्त आहे. पण त्यांच्यासाठी टॅगखाली स्ट्रीमची थेट लिंक द्यावी, ती व्हीएलसीसारख्या प्लेअरमध्ये उघडते. सर्व्हरच बदलावा लागेल, ही भीती बहुतेक वेळा अनाठायी ठरते, कारण आइसकास्ट या स्ट्रीमिंग सर्व्हरचा एमपी३ स्ट्रीम आहे तसाच चालतो. एक पथ्य मात्र जरूर पाळा: पान एचटीटीपीएसवर असेल, तर स्ट्रीमही एचटीटीपीएसवरच ठेवा, नाहीतर ब्राउझर तो अडवू शकतो.