आस्टा नील्सन: आपलं चित्र आपणच दाखवणारी बाई

आजचा भाग अशा एका नटीवर आहे, जिचा आवाज तिच्या बहुतेक प्रेक्षकांनी कधी ऐकलाच नाही. ऐकायच्या माध्यमात मूकपटाची नटी म्हणजे जरा उफराटंच काम आहे, मान्य. पण शेवटपर्यंत थांबा. आवाजाचा भाग शेवटी येतो, आणि तो चांगलाच विचित्र आहे.

नाव आस्टा नील्सन. जन्म ११ सप्टेंबर १८८१, कोपनहेगन, डेन्मार्क. आज हे नाव आपल्याकडे फार कुणाला माहीत नाही. पण १९११ ते १९१४ या काळात युरोपात सिनेमाची सगळ्यात मोठी स्टार कोण, असं विचारलं असतं तर बऱ्याच जणांनी हेच नाव घेतलं असतं. जर्मनीत तर तिला पूर्ण नावाचीही गरज नव्हती. नुसतं 'दी आस्टा' म्हटलं की काम भागायचं.

घरची परिस्थिती बेताची. बेताची हा शब्दही जरा सभ्यच झाला. वडील लोहारकाम करायचे, पण हाताला नेहमी काम असेच असं नाही. आई लोकांचे कपडे धुवायची. कामाच्या शोधात हे कुटुंब काही वर्षं समुद्रापलीकडे स्वीडनमधल्या माल्म्यो शहरात राहिलं. आस्टा शाळकरी वयात असतानाच वडील गेले. अशा घरातली पोरगी रॉयल डॅनिश थिएटरच्या नाट्यशाळेत शिरली. रॉयल, म्हणजे राजाच्या आश्रयाचं थिएटर. डेन्मार्कमध्ये नट व्हायचं तर यापेक्षा मोठा दरवाजा नव्हता.

शिक्षण चालू असतानाच, १९०१ मध्ये, तिला मुलगी झाली. येस्टा. लग्न झालेलं नव्हतं. मुलीचा बाप कोण, हे आस्टानं सांगितलं नाही. त्या वर्षी नाही, नंतरही नाही, अगदी आत्मचरित्रातही नाही. विसाव्या शतकाच्या पहिल्या वर्षी, कोपनहेगनसारख्या एकमेकांना ओळखणाऱ्या शहरात, विशीतल्या गरीब मुलीनं हे तोंड बंद ठेवणं किती अवघड गेलं असेल, जरा विचार करा. आई आणि मोठी बहीण मदतीला होत्या. मुलगी वाढवली, शिक्षण पुरं केलं आणि ती रंगभूमीवर आली.

आणि रंगभूमीनं तिला काय दिलं? फारसं काही नाही. कोपनहेगनमधली नाटकं, नॉर्वे-स्वीडनचे दौरे, मग परत कोपनहेगन. भूमिका मिळत होत्या, पण नाव व्हावं अशा नाही. किडकिडीत अंगकाठी, मोठे काळेभोर डोळे, जाडसर खालच्या पट्टीतला आवाज. त्या काळच्या नायिकेच्या साच्यात यातलं काहीच बसत नव्हतं. पंचविशी उलटली, तिशी जवळ आली, तरी तेच.

आता इथे गोष्ट वळते. कोपनहेगनच्या एका थिएटरात उर्बान गाड नावाचा एक तरुण काम करत होता. त्याला वाटत होतं की या बाईचं पाणी कुणाला कळलेलंच नाही. मग दोघांनी ठरवलं की एक सिनेमा काढायचा. का? सिनेमात करिअर करायला नव्हे हं! तेव्हा सिनेमा म्हणजे जत्रेतला खेळ, इज्जतदार नट तिकडे फिरकत नसत. यांना सिनेमा हवा होता तो नाटकवाल्यांना दाखवायला, की बघा, ही काय करू शकते. आजच्या भाषेत बोलायचं तर ऑडिशनची शोरील. कोस्मोरामा नावाच्या सिनेमागृहाच्या मॅनेजरनं पैसे दिले, साधारण ८००० क्रोनर. शूटिंग आठवडाभरात आटोपलं.

तो सिनेमा 'आफग्रुंडेन', म्हणजे खोल दरी. पहिला खेळ १२ सप्टेंबर १९१०. आदल्याच दिवशी तिला २९ वर्षं पूर्ण झाली होती.

कथा सांगतो, कारण ती माहीत असेल तर पुढचं कळेल. माग्दा पियानो शिकवते. ट्रामच्या प्रवासात तिची क्नूड नावाच्या सरळमार्गी तरुणाशी ओळख होते. तो पाद्र्याचा मुलगा. तो तिला सुट्टीत आपल्या आईवडिलांच्या घरी नेतो. गावात सर्कस येते. सर्कशीतल्या रुडॉल्फवर माग्दा भाळते आणि त्याच्याबरोबर पळून जाते. रुडॉल्फ बाहेरख्याली निघतो. शेवटी तिच्या हातून त्याचा खून होतो आणि पोलीस तिला घेऊन जातात. कथा म्हणून हे अगदीच घिसंपिटं आहे, मला मान्य आहे. अशा कथा तेव्हाही पैशाला पासरी होत्या.

मग लोक वेडे कशानं झाले? एक उत्तर सगळे देतात, ते म्हणजे तो नाच. मध्येच एक प्रसंग आहे. माग्दा आणि रुडॉल्फ स्टेजवर गाउचो नाच करतात. तिनं अंगाला घट्ट बसणारा काळा पोशाख घातलाय. ती त्याला दोरानं बांधते आणि त्याच्याभोवती, त्याला खेटून नाचते. १९१० साल आहे हे लक्षात ठेवा. स्वीडन आणि नॉर्वेत सेन्सॉरनं कात्री काढली. कॅमेरा तिथे प्रेक्षकांच्या जागेवर नाहीये, तो रंगमंचाच्या बाजूला ठेवलाय. त्यामुळे आपण चोरून बघतोय असं वाटत राहतं.

पण माझं मत विचाराल तर खरी जादू नाचात नाही, शेवटात आहे. खून झालाय. पोलीस माग्दाला घेऊन बाहेर येतात. त्या काळचा कुठलाही नट इथे काय करेल? छाती पिटेल, केस ओढेल, डोळे गरगर फिरवेल. कारण नाटकाची सवय ती. शेवटच्या रांगेतल्या माणसालाही दुःख दिसलं पाहिजे ना! आस्टा यातलं काहीच करत नाही. ती फक्त चालते. चेहरा गोठलेला. जणू आपण काय केलंय ते तिच्या अंगाला कळलंय आणि मनाला अजून कळायचंय.

हे तिला कसं सुचलं? पडद्यावर माणूस मोठा दिसतो, म्हणजे त्याची प्रत्येक खोटी हालचालही मोठी दिसते. नाटकात जे खपतं ते पडद्यावर ओरडल्यासारखं वाटतं. ही गोष्ट आज अभिनयाच्या कुठल्याही वर्कशॉपमध्ये पहिल्या दिवशी सांगतात. १९१० मध्ये सांगणारं कुणी नव्हतं. शिवाय 'आफग्रुंडेन'मध्ये आज आपल्याला सवय आहे तसे क्लोजअप जवळपास नाहीतच. कॅमेरा लांब, एका जागी खिळलेला. म्हणजे चेहऱ्यावर झूम करून भागणार नव्हतं. पाठ, खांदे, चालणं, थांबणं, सगळ्या शरीरानं बोलावं लागत होतं.

आता थोडं धंद्याचं बोलू, कारण स्टार हा प्रकार नुसत्या अभिनयातून जन्माला येत नाही. तोवर सिनेमे मीटरवर विकले जायचे, कापडासारखे! थिएटरवाल्यानं इतके मीटर फिल्म विकत घ्यायची आणि झिजेपर्यंत चालवायची. शेजारच्या थिएटरातही तोच सिनेमा. 'आफग्रुंडेन' जर्मनीत गेला तेव्हा वितरकानं वेगळा मार्ग धरला. एका भागात हा सिनेमा दाखवायचा हक्क एकालाच. याला तिकडे मोनोपोल-फिल्म म्हणत. आज एखादी सिरीज एकाच ॲपवर दिसते, तसंच काहीसं. आता हक्कासाठी जास्त पैसे मोजायचे, तर जाहिरातीत सांगायला काहीतरी हवं. काय सांगणार? नटीचं नाव! लोक 'सिनेमाला जाऊ' असं म्हणायचे ते 'आस्टाला बघायला जाऊ' असं म्हणायला लागले. मग १९११ पासून जर्मनीत 'आस्टा नील्सन मालिका' निघाली. संपूर्ण सीझनचे सिनेमे तिच्या नावावर, शूटिंग व्हायच्या आधीच विकलेले.

म्हणजे शोरील नाटकवाल्यांसाठी काढली होती आणि ती पाहिली सिनेमावाल्यांनी.

आस्टा आणि उर्बान जर्मनीला गेले. १९१२ मध्ये लग्न केलं, काही वर्षांनी वेगळेही झाले. आस्टानं एकूण सत्तरहून जास्त सिनेमे केले, आणि त्यातले डेन्मार्कमध्ये बनलेले किती? फक्त चार. बाकी सगळे जर्मनीचे. शोकांतिका तर होत्याच, पण विनोदीही भरपूर. 'एंगेलाइन'मध्ये तिनं, स्वतः तिशी ओलांडलेली असताना, लहान पोरीचं सोंग घेणारी मुलगी केली. 'झापाटास बांडे'मध्ये ती डाकू झाली. 'दी सुफ्रागेट'मध्ये मताधिकारासाठी लढणारी बाई.

१९२० मध्ये तिनं स्वतःची कंपनी काढली आणि पहिला घाट घातला तो हॅम्लेटचा. हॅम्लेट कोण करणार? आस्टाच. बायकांनी रंगमंचावर हॅम्लेट करणं नवीन नव्हतं, फ्रान्सच्या सारा बर्नहार्टनं ते आधीच केलं होतं. पण तिथे बाई पुरुषाची भूमिका करत होती. आस्टाच्या सिनेमात हॅम्लेट खरोखरच बाई आहे! ही कल्पना एडवर्ड व्हायनिंग नावाच्या अमेरिकन लेखकाच्या १८८१ च्या पुस्तकातली. राजा लढाईत मारला गेल्याची बातमी येते, राणीला मुलगी झालेली असते. गादी हातची जाऊ नये म्हणून राणी जाहीर करते, मुलगा झाला. आणि राजा जिवंत परत येतो. आता खोटं मागे कसं घेणार? मुलगी जन्मभर राजपुत्र म्हणून जगते. ती होरेशिओवर मनातून प्रेम करते आणि होरेशिओ ऑफेलियावर. ती मरते तेव्हा होरेशिओला कळतं. शेक्सपिअरच्या भक्तांना हे पाप वाटू शकतं. मला मात्र वाटतं, हॅम्लेटला निर्णय घेता येत नाही याचं इतकं पटणारं कारण फार थोड्यांनी दिलंय. जन्मभर गिळलेलं एक गुपित.

१९२५ मध्ये पाब्स्टचा 'दी फ्रॉयडलोझ गासं', म्हणजे आनंद नसलेली गल्ली. पहिल्या महायुद्धानंतरचं व्हिएन्ना, महागाईनं पिचलेलं. मांसाच्या दुकानाबाहेर रात्रभर बायकांची रांग. यात आस्टा आहे आणि अजून विशीही न गाठलेली ग्रेटा गार्बो आहे. पुढे गार्बो हॉलिवूडची राणी झाली, आणि अमेरिकेत दाखवलेल्या प्रतीत कात्री लागली ती आस्टाच्या कथेला. बाहेरच्या प्रेक्षकांनी बराच काळ हा गार्बोचा सिनेमा म्हणूनच पाहिला.

मग बोलपट आला. तिनं एकच केला, १९३२ मध्ये. त्यानंतर सिनेमा नाहीच, थोडं नाटक.

आणि १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. प्रचारमंत्री गोबेल्सनं तिला तिचा स्वतःचा स्टुडिओ देऊ केला. हिटलरनं चहाला बोलावलं. पडद्यावर तिची काय ताकद आहे आणि ती कशी वापरता येईल, हे तिला समजावून सांगण्यात आलं. पन्नाशी उलटलेली, काम नसलेली नटी. समोर स्टुडिओ, पैसा, परत मिळणारी कीर्ती. तिनं नाही म्हटलं. त्याच दशकाच्या उत्तरार्धात ती जर्मनी सोडून कोपनहेगनला परतली. पुढे एका तरुण डॅनिश माणसामार्फत जर्मनीतल्या ज्यूंना खाण्याची पार्सलं जात होती, त्यामागे पैसे आस्टाचे होते. ज्यांना मदत पोचली त्यांत व्हिक्टर क्लेम्पेरर हे प्राध्यापकही होते, नाझी काळातल्या रोजनिशीमुळे पुढे जगाला माहीत झालेले.

डेन्मार्कनं तिचं कौतुक केलं असेल असं वाटतं ना? तिकडे सिनेमागृह चालवायला सरकारी परवाना लागायचा आणि नामवंत कलावंतांना तो दिला जायचा, एक प्रकारे म्हातारपणाची सोय. आस्टानं अर्ज केला. नाकारला. नवे सिनेमे कुणी दिले नाहीत. तिनं आत्मचरित्र लिहिलं, 'दहावी कलादेवता' अशा अर्थाच्या नावाचं. आणि कापडाचे रंगीत तुकडे जोडून चित्रं करायला लागली. १९६४ मध्ये तिची येस्टा, नवऱ्याच्या मृत्यूनंतर, आयुष्य संपवून गेली. त्यावर मी काही बोलणार नाही.

साठच्या दशकात तिच्यावर माहितीपट करायचं ठरलं. दुसऱ्यांनी केलेलं काम तिला पसंत पडलं नाही. मग तिनं स्वतःच दिग्दर्शन केलं! १९६८ मध्ये तो आला, तेव्हा तिनं पंच्याऐंशी ओलांडली होती. आणि १९७० मध्ये, ८८ व्या वर्षी, तिनं आंडर्स थीडे या चित्रविक्रेत्याशी लग्न केलं. मे १९७२ मध्ये ती गेली.

आता तो आवाज. १९५० च्या दशकात कोपनहेगनमधला एक जुन्या पुस्तकांचा दुकानदार तिचा मित्र होता. दोघं फोनवर तासन्‌तास बोलायचे. तो ते सगळं टेप करत होता, तिच्या नकळत. या टेप्सवरून २००३ मध्ये 'देन टालेंडे मूसे' नावाचा डॅनिश माहितीपट निघाला. ज्या बाईनं मुलीच्या बापाचं नाव जगाला सांगितलं नाही, हिटलरला आपला चेहरा दिला नाही, स्वतःवरचा सिनेमा स्वतः काढला, तिचं खाजगी बोलणं आज कुणीही ऐकू शकतं. अभ्यासकांच्या दृष्टीनं हा खजिना आहे, यात शंका नाही. तिनं परवानगी दिली असती का, तर मला वाटतं, आधी तिनं टेप ऐकायला मागितली असती आणि मग एडिटिंग स्वतः केलं असतं.

'आफग्रुंडेन' जेमतेम पाऊण तासाचा आहे आणि डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या मूकपटांच्या साइटवर फुकट बघता येतो. मोबाइल आडवा धरा. नाच येईल तेव्हा येईल, पण शेवटच्या दोन मिनिटांत नोटिफिकेशन बंद ठेवा. भेटू पुढच्या भागात.